विस्मरणाचें विद्यापीठ

आमच्या घरीं रात्रीचीं जेवणें आटोपल्यावर ओटीवर जी मंडळी जमते, तींत सर्वांत कठीण प्रश्न विचारण्याचा मान आमच्या धाकट्या नातीकडे आहे. गेल्या महिन्यांत तिनें कोठलेंसें इंग्रजी गोष्टींचें पुस्तक वाचलें. त्यांत म्हणे, डोंगराच्या माथ्यावर एक विद्यापीठ असून तेथें एकच विद्या शिकवितात, आणि ती म्हणजे विसरण्याची. गुरु जादूगार, शिष्यहि जादूगार, आणि अभ्यासक्रम बारा वर्षांचा. गोष्ट सांगून झाल्यावर ती आम्हांस विचारते, "आजोबा, तेथें परीक्षा कशी घेत असतील?"

चौतीस वर्षें आम्हीं शाळेंत परीक्षा घेतल्या, परंतु हा प्रश्न आम्हांस कधीं सुचला नव्हता. विद्यार्थ्यानें बरोबर उत्तर लिहिलें तर तो नापास, कारण त्याच्या ध्यानांत राहिलें. कोरा कागद दिला तर पहिला वर्ग. पण मग आज परीक्षा आहे, आणि अमक्या वेळीं अमक्या दालनांत जावयाचें आहे, हें तरी त्याच्या ध्यानांत कां राहिलें? खरा पदवीधर तोच, कीं जो परीक्षेस आलाच नाहीं. ह्या न्यायानें आमच्या वर्गांतील निदान पांच-सहा विद्यार्थी दरवर्षीं सुवर्णपदकास पात्र होते. आम्हीं त्यांस छड्या दिल्या, ही गोष्ट मनास थोडी लागली.

नातीस कांहींतरी सांगून आम्हीं वेळ मारून नेली. परंतु रात्रीं अंथरुणावर पडल्यावर तें विद्यापीठ डोळ्यांपुढून हालेना. ह्या वयांत विसरणें हा विषय आम्हांस परका राहिलेला नाहीं. चष्मा कपाळावर ठेवून घरभर शोधण्याचा पाठ आम्ही नित्य गिरवितों. म्हणून ह्या महिन्याच्या सदरांत त्या विद्यापीठाचीच एक फेरी करून यावी असें ठरविलें. वाचकांनीं आमच्याबरोबर यावें. पायऱ्या पुष्कळ आहेत, पण घाई नाहीं.

प्रवेशद्वाराशीं कोणाचा पुतळा असावा याविषयीं आमच्या मनांत संशय नाहीं. तो दुर्वास मुनींचा. शकुंतला पतीच्या चिंतनांत मग्न, दारीं अतिथि आलेला तिला कळत नाहीं, आणि मुनि शाप देऊन मोकळे होतात, कीं ज्याचें चिंतन करीत आहेस तो तुला ओळखणार नाहीं. पुढें अंगठी, मासा, कोळी हें सर्व वाचकांस ठाऊकच आहे. पण आमच्या संस्कृताच्या गुरुजींनीं एक गोष्ट आम्हांस फार लहानपणीं दाखवून दिली होती, ती येथें सांगितल्यावांचून पुढें जाववत नाहीं. महाभारताच्या आदिपर्वांतील मूळ कथेंत शाप नाहीं आणि अंगठीहि नाहीं. तेथें राजास सर्व आठवत असतें. आठवत असूनहि तो भर सभेंत शकुंतलेस ओळखीत नाहीं असें म्हणतो, आणि आकाशवाणी झाल्यावरच तिचा स्वीकार करतो. असला नायक कालिदासास कसा चालावा? त्यानें दुर्वासांस बोलावून आणलें, आणि राजाच्या खोटेपणाचें विस्मरण करून टाकलें. विसरणारा मनुष्य दोषी ठरत नाहीं, फार तर दुर्दैवी ठरतो. ही सोय मोठी आहे. तिच्याकडे आम्हांस पुन्हां वळावें लागणार आहे.

दुसऱ्या बाजूस परशुराम, ज्यांच्या शापानें कर्णास ऐन वेळीं अस्त्र आठवलें नाहीं. परीक्षेच्या दालनांतून बाहेर पडणारा प्रत्येक विद्यार्थी आपणांस कर्णच समजत असतो, हें आम्हीं पुष्कळ पाहिलें आहे.

परदेशी अध्यापकांत पहिलें आसन ग्रीक सेनापति थेमिस्टोक्लीस याचें. सिसरोनें त्याची कथा नमूद केली आहे. कोणी एक विद्वान त्याच्याकडे आला व मी तुला स्मरणाची कला शिकवितों म्हणाला. थेमिस्टोक्लीसनें उत्तर दिलें कीं, त्यापेक्षां विसरण्याची कला शिकविशील तर उपकार होतील. नको तें मला आठवतें, आणि विसरूं म्हटलें तर विसरतां येत नाहीं. अडीच हजार वर्षें होत आलीं, अद्याप त्या कलेचा शिक्षक मिळालेला नाहीं. विद्यापीठाची जाहिरात तेव्हांपासून चालू आहे असें समजावें.

आंत गेल्यावर पहिलें दालन शास्त्राचें. आमच्या नैयायिकांनीं स्मृति म्हणजे केवळ संस्कारापासून उत्पन्न होणारें ज्ञान असें मानिलें. संस्कार मनांत निजलेला असतो. निमित्त मिळालें कीं जागा होतो. न्यायसूत्रांत ह्या निमित्तांची यादीच दिलेली आहे. तींत पंचवीसहून अधिक कारणें आहेत: अभ्यास, सादृश्य, वियोग, विरोध, सुख, दुःख, द्वेष, भय इत्यादि. विरोध आणि द्वेष हीं त्या यादींत आहेत, हें वाचकांनीं ध्यानांत ठेवावें. योगशास्त्र त्याहून धीट. पतंजलींनीं ज्या पांच चित्तवृत्तींचा निरोध करावयास सांगितलें, त्यांत पांचवी वृत्ति स्मृति हीच आहे. तेव्हां ह्या विद्यापीठास पाठ्यपुस्तक नेमावयाचें झाल्यास आम्ही योगसूत्रेंच नेमूं. विद्यार्थी किती टिकतील तें निराळें. एका वर्गाच्या लोकांस मात्र तेथें प्रवेश मिळणें अशक्य आहे, आणि ते म्हणजे आमचे घनपाठी. पदपाठ, क्रमपाठ, जटापाठ, घनपाठ अशी एकावर एक तटबंदी उभारून, तींच पदें पुढून मागून व मागून पुढें म्हणून, ज्यांनीं शेंकडों वर्षें विस्मरणास वेशीबाहेर ठेविलें, त्यांस पाहतांच तेथील द्वारपाल दार लावून घेईल.

ह्याच दालनांत हेर्मान एबिंगहाउस ह्या जर्मन पंडिताची तसबीर आहे. विसरणें मोजतां येतें हें ह्या गृहस्थानें दाखविलें. त्यानें सुमारें २,३०० निरर्थक अक्षरगट तयार केले. निरर्थक अशासाठीं, कीं अर्थाचा आधार मिळूं नये. मग १८७९-८० आणि १८८३-८४ या काळांत तो स्वतःच गुरु व स्वतःच शिष्य होऊन घड्याळ लावून ते पाठ करीत बसला. कांहीं वेळ जाऊं द्यावयाचा, तेच गट पुन्हां पाठ करावयाचे, आणि ह्या खेपेस श्रम किती वांचले तें पाहावयाचें. १८८५ सालीं त्याचें पुस्तक निघालें. वीस मिनिटांनीं शेंकडा ५८ श्रम वांचत, तासाभरानें ४४, एका दिवसानें ३४, आणि एकतीस दिवसांनीं २१. म्हणजे पहिल्या तासांत धडा घागरीच्या भोंकांतून पडल्यासारखा पडतो, व पुढें नुसता पाझरतो. महिन्याअखेर जो पंचमांश उरला तो सहजासहजी जात नाहीं. अर्थपूर्ण कविता पाठ करण्यास त्याला दशांशच श्रम पुरले, असेंहि त्यानें लिहून ठेविलें आहे. अर्थाहूनहि अपमान अधिक चिकट असतो. पण तो प्रयोग कांहीं त्यानें केला नाहीं.

पुढें एक रुग्णालय लागतें. त्यांतील पहिला रोगी विसरूं न शकणारा आहे. शेरेशेव्स्की ह्या रशियन गृहस्थाची परीक्षा मानसशास्त्रज्ञ लूरिया ह्यांनीं सुमारें तीस वर्षें चालविली, व १९६८ सालीं त्यावर पुस्तक लिहिलें. अंकांचे लांबलचक तक्ते एकदां पाहून तो वर्षांनंतरहि जसेच्या तसे म्हणे. पुढें पोटासाठीं तो स्मरणाचे जाहीर प्रयोग करूं लागला. एका रात्रींत अनेक प्रयोग होत, आणि मागल्या प्रयोगाचे अंक पुढल्या प्रयोगाच्या फळ्यावर येऊन उभे राहत. त्या बिचाऱ्यानें विसरण्यासाठीं नको असलेले अंक कागदावर लिहून ते जाळून पाहिले. जळालेल्या पापुद्र्यावरहि त्यास अंक दिसले! माणसांचे चेहरे मात्र त्याच्या ध्यानांत राहत नसत, कारण चेहरा क्षणोक्षणीं पालटतो, आणि प्रत्येक पालटलेला चेहरा त्यास नवा वाटे. कांहींच न विसरणाऱ्यास माणूस ओळखतां येईना, ही गोष्ट आम्हांस मोठी विलक्षण वाटली.

दुसरा रोगी ह्याच्या अगदीं उलट. हेन्री मोलेसन ह्या अमेरिकन तरुणास अपस्माराचे झटके येत. १९५३ सालीं, वयाच्या सत्ताविसाव्या वर्षीं, शस्त्रवैद्यानें त्याच्या मेंदूंतील दोन्ही बाजूंचा कांहीं भाग काढून टाकला. झटके कमी झाले. पण त्या दिवसापासून २००८ सालीं मृत्यु येईपर्यंत, पंचावन्न वर्षें, नवी म्हणून कोणतीहि गोष्ट त्याच्या ध्यानांत टिकली नाहीं. रोज भेटणारी विदुषी रोज त्यास नवी. परंतु हिनेंच, म्हणजे ब्रेंडा मिल्नर हिनें, त्याला आरशांत पाहून तारेची आकृति गिरवावयास दिली, तेव्हां त्याचा हात दिवसेंदिवस सुधारत गेला. आपण हें पूर्वीं कधीं केलें आहे हें त्यास ठाऊक नव्हतें. हातास ठाऊक होतें.

तत्त्वज्ञ कांट याची एक खोलीहि येथें आहे. सुमारें चाळीस वर्षें चाकरीस असलेल्या लांप नांवाच्या गड्यास त्यानें १८०२ सालीं काढून टाकलें, आणि मग टांचणवहींत लिहून ठेविलें कीं, लांप हें नांव आतां पूर्णपणें विसरावयाचें. जगांतील एवढ्या मोठ्या बुद्धिमंतानें ही चूक करावी! विसरावयाची गोष्ट जो लिहून ठेवतो, त्यास ती वही उघडतांच दिसते. पण हंसण्यापूर्वीं आम्ही थांबलों. आमच्याहि मनांत अशी एक वही आहे.

त्या वहीकडे वळण्यापूर्वीं विद्यापीठांतील व्यवहारधर्माचें दालन पाहूं. ख्रिस्तपूर्व ४०३ सालीं अथेन्स नगरांत तीस जुलमी अधिकाऱ्यांची सत्ता संपली. त्यांच्या कारकीर्दींत सुमारें दीड हजार नागरिक मारले गेले असें प्राचीन ग्रंथकार सांगतात. शेजाऱ्यानें शेजाऱ्यास पकडून दिलें होतें. आतां एकाच पेठेंत सर्वांस राहावयाचें होतें. तेव्हां नगरानें शपथ घेतली कीं, झालेल्या अपकारांची आठवण कोणीं कोणास देऊं नये. ते तीस व त्यांचे मोजके अधिकारी एवढेच ह्या शपथेंतून वगळले. पाहा, लोकांनीं विसरावें असें शपथेंत नाहीं. उच्चारूं नये एवढेंच आहे. आमच्या मतें हाच त्या विद्यापीठाचा खरा उपयोगी धडा. आमच्या काळांतहि, २०१४ सालीं, युरोपीय संघाच्या न्यायालयानें असा निर्णय दिला कीं, एखाद्याच्या नांवाचा शोध घेतांना जुन्या व अप्रस्तुत झालेल्या गोष्टी पुढें येत असतील, तर त्या शोधांतून काढून टाकण्याची मागणी त्या माणसास करतां येईल. तेथेंहि मूळ कागद जाळीत नाहींत. तो पुढें करीत नाहींत, इतकेंच.

ह्याच अथेन्सची दुसरी गोष्ट प्लुटार्कनें सांगितली आहे, आणि तिच्यासाठींच आम्हीं वाचकांस एवढ्या पायऱ्या चढविल्या. नगर कोणाचें यावरून समुद्रदेव पोसायडन आणि देवी अथेना यांचा कलह झाला अशी त्यांची पुराणकथा. कलहाचा दिवस म्हणजे त्यांच्या बोएड्रोमियॉन महिन्याची द्वितीया. अथेन्सचे लोक ती तिथि आपल्या गणनेंतून गाळून टाकीत. आमच्या पंचांगांतहि क्षयतिथि असते. पण ज्या तिथीस सूर्योदयाचा स्पर्श होत नाहीं तीच आम्ही गाळतों, आणि तो हिशेब आकाशाचा असतो. हे लोक भांडणासाठीं तिथि गाळीत! प्लुटार्कनें ही गोष्ट कोठें सांगितली आहे, तर बंधुप्रेमावरील प्रबंधांत. तो विचारतो कीं, आप्तांशीं ज्या दिवशीं कलह झाला तो एक दिवस आपणहि तसाच कां टाकून देऊं नये? त्या एका दिवसापायीं बरोबर वाढलेलीं, बरोबर जेवलेलीं सगळीं वर्षें कां विसरावीं?

हा प्रबंध आम्हीं प्रथम वाचला तेव्हां शेजारीं पेन्सिलीनें रेघ ओढली होती. तेव्हांहि आम्ही आमच्या ज्येष्ठ बंधूंच्या घरची पायरी चढत नव्हतों.

आतां विद्यापीठाच्या कचेरींत चलावें. अर्धवट झोपेंत आम्ही तेथें गेलों व प्रवेशाचा अर्ज मागितला. लेखनिक सभ्य होता. त्यानें पहिला रकाना दाखविला: 'कोणती गोष्ट विसरावयाची आहे, ती अक्षरशः लिहावी.' आम्हीं लेखणी उचलली आणि एका दमांत लिहिलें. सन २००७, वैशाख महिना, अण्णांच्या घरचा दिवाणखाना, वडिलांच्या पश्चात् वाटणीची बैठक, दोन पंच, आणि अण्णा म्हणाले, "तुला शिकविलें तें माझ्या पगारांतून. माझ्या अन्नावर वाढलास, आणि आतां माझ्यापुढें कायदा बोलतोस?" एक शब्द इकडचा तिकडे नाहीं. कोणत्या शब्दावर त्यांचा आवाज चढला, तेंहि आम्हांस आज सांगतां येईल.

लेखनिकानें दुसरा रकाना दाखविला: 'त्यावर अर्जदार काय म्हणाला, तें अक्षरशः लिहावें.'

आमची लेखणी थांबली. आम्ही कांहींतरी बोललों होतों खास. रागानें बोललों होतों. पैशासंबंधीं बोललों असूं, कारण आठ दिवसांनीं आम्हीं आमच्या शिक्षणखर्चाचा अंदाज करून एक धनादेश टपालानें पाठविला होता. तो अण्णांनीं कधीं वटविला नाहीं. बँकेचें पासबुक उघडून ती रक्कम तशीच आहे हें आम्ही महिनोन्महिने पाहत होतों, आणि त्याचाहि आम्हांस राग येई. एवढें सगळें आठवतें. पण आमचें तें वाक्य? कितीहि ताणून पाहिलें तरी येईना. त्यांचें वाक्य घनपाठासारखें मुखोद्गत, आणि आमचें साफ पुसलेलें. आमच्यासाठीं हे दुर्वास केव्हां येऊन गेले, कोणास ठाऊक.

सकाळीं चहाच्या वेळीं आम्हीं सौभाग्यवतींस विचारलें. त्या म्हणाल्या, "मी तेव्हां माजघरांत होतें, मला शब्द ऐकूं आले नाहींत. पण वहिनी त्या दिवशीं जेवल्या नाहींत, एवढें माझ्या लक्षांत आहे." थोडें थांबून म्हणाल्या, "अहो, वहिनींनाच विचारा ना. आहेत अजून."

अण्णा आमच्याहून तेरा वर्षांनीं मोठे. त्यांस स्मृतिभ्रंशाचा आजार झाला आहे हें पुतण्यानें आम्हांस दोन वर्षांपूर्वीं कळविलें होतें. अल्झायमर ह्या जर्मन वैद्यानें १९०६ सालीं ज्या आजाराचें वर्णन प्रथम सभेपुढें मांडलें, तोच हा. कळल्यावरहि आम्ही गेलों नाहीं. जाऊन उपयोग काय, ते ओळखणार नाहींत, अशी आम्हीं स्वतःची समजूत घातली होती. खरें कारण वाचकांनीं ओळखलें असेल. त्यांचें घर आमच्या घरापासून पायीं अर्ध्या तासावर आहे.

गेल्या महिन्यांत एका गुरुवारीं आम्ही गेलों. दार वहिनींनीं उघडलें. पंधराहून अधिक वर्षांनंतर दारांत उभ्या असलेल्या माणसास त्यांनीं एवढेंच म्हटलें, "या भाऊजी. चपला आंत घ्या, कुत्रें नेतें."

अण्णा खिडकीजवळ आरामखुर्चींत होते. अंगावर स्वच्छ सदरा, दाढी केलेली. त्यांनीं आमच्याकडे पाहिलें, आणि आमची भीति खोटी ठरली. त्यांनीं ओळखलें, पण ज्याला ओळखलें तो आम्ही नव्हतों, आमच्यांतला सोळा वर्षांचा मुलगा होता. रिबो ह्या फ्रेंच पंडितानें १८८१ सालींच लिहून ठेविलें आहे कीं, ह्या प्रकारांत अलीकडचें आधीं जातें व जुनें मागाहून. अण्णांच्या लेखीं २००७ साल उजाडलेंच नव्हतें.

"इतके दिवस कोठें होतास?" त्यांनीं विचारलें.

आम्हीं कांहीं उत्तर दिलें नाहीं.

"परीक्षा झाली कां रे?"

"झाली."

"संस्कृतांत किती?"

मॅट्रिकला आम्हांस संस्कृतांत ब्याऐंशी गुण होते. आम्हीं ते सांगितले. "बरे आहेत," अण्णा म्हणाले, व मग नेहमींच्या सवयीनें बोट वर करून त्यांनीं नकारान्त राजन् शब्द चालविण्यास प्रारंभ केला. लहानपणीं रोज पहांटे, कामावर जाण्यापूर्वीं, ते आमच्याकडून रूपावली म्हणवून घेत. एक विभक्ति त्यांनीं म्हणावयाची, पुढची आम्हीं. तृतीयेपर्यंत येऊन ते थांबले व आमच्याकडे पाहूं लागले. आम्हीं चतुर्थी म्हटली. त्यांनीं पंचमी म्हटली. सप्तमीच्या एकवचनाचीं दोन रूपें होतात. त्यांतलें एक आम्हांकडून राहिलें, आणि अण्णांनीं तें भरून काढलें. आज वार कोणता हें त्यांस सांगतां येत नाहीं.

नंतर आम्ही स्वयंपाकघराच्या दाराशीं गेलों. वहिनी कोथिंबीर निवडीत होत्या. आमच्या आई आम्ही नऊ वर्षांचे असतां वारल्या. त्यानंतर मॅट्रिक होईपर्यंत सात वर्षें, दोन्ही वेळचें आमचें पान ह्याच बाईनीं वाढलें. आम्हीं विचारलें, "वहिनी, त्या दिवशीं मी काय बोललों होतों?"

कोणता दिवस, असें त्यांनीं विचारलें नाहीं. हातांतली काडी तोडून त्यांनीं ती बाजूस टाकली.

"तुम्ही ह्यांना म्हणालांत, 'सात वर्षांच्या जेवणाचा ताटामागें दर लावा आणि बिल पाठवा.' ह्यांना म्हणालांत, भाऊजी. पण ताटें मी वाढलीं होतीं."

त्यांच्या आवाजांत राग नव्हता. धड्यांतलें वाक्य विद्यार्थ्यानें जसेंच्या तसें म्हणावें तसें त्यांनीं तें म्हटलें. आमच्या अर्जाचा दुसरा रकाना इतकीं वर्षें ह्या स्वयंपाकघरांत भरलेला पडून होता. दुष्यन्तासाठीं कालिदास धांवून आला. आमच्यासाठीं कोणी येण्याजोगें नव्हतें.

"मला आठवत नव्हतें," आम्ही म्हणालों.

"असेल," वहिनी म्हणाल्या. "तो चेक त्यांच्या पेटींत आहे. दोनदां पेटी आवरली, पण टाकला नाहीं. न्यावयाचा असला तर न्या."

आम्हीं तो नेला नाहीं. क्षमा मागण्याचें एक वाक्य आम्हीं मनांत जुळविलें होतें, संस्कृतप्रचुर, चांगलें लांब. त्यांतले दोनच शब्द तोंडांतून निघाले असतील. वहिनींनीं ऐकलें कीं नाहीं तें कळलें नाहीं, कारण तेवढ्यांत अण्णांनीं आंतून हांक मारून विचारलें, कोण आलें आहे म्हणून. "धाकटे भाऊजी," वहिनींनीं मोठ्यानें सांगितलें, आणि आमच्याकडे न पाहतां फळीवरून तिसरें ताट काढलें.

अण्णांच्या शेजारीं आम्ही जेवावयास बसलों. आमटींत गूळ थोडा अधिक होता, पूर्वीं असे तसाच. आपोशन घालतांना अण्णांचा हात बिनचूक चालला. जेवतां जेवतां त्यांनीं पुन्हां विचारलें, "इतके दिवस कोठें होतास?" ह्या खेपेस "येतां आलें नाहीं" असें आम्हीं म्हटलें. वहिनी वाढीत होत्या. त्यांनीं आणखी भात घातला, पुरे म्हटलें तरी.

घरीं आल्यावर नातीनें विचारलें, विद्यापीठाचें लिहून झालें कां. अर्धें झालें म्हणून सांगितलें. पुढल्या गुरुवारीं आम्ही पुन्हां तिकडे जाणार आहों. ह्या वेळीं तिलाहि बरोबर न्यावें असें म्हणतों. अण्णा पुन्हां विचारतील, इतके दिवस कोठें होतास म्हणून, आणि वहिनी स्वयंपाकघरांतून ऐकत असतील.